तेक्लाबाईने परत केलेली थाळी

तेक्ला लुंडबर्गचा तिसरा नवरा ऐन जानेवारीत गेला, तेव्हा मिनेसोटातल्या त्या स्वीडिश वस्तीत कुणी फारसं नवल केलं नाही. पहिला पोटदुखीने गेला, दुसराही पोटदुखीने, मधे एक गडीसुद्धा तसाच. बिचारीचं नशीबच फुटकं, म्हणत बायका स्वयंपाकाला लागल्या. आता नशिबाला काय नेमकी पोटंच सापडतात? पण विचारणार कोण! दुःखाच्या घरी आपण डबा न्यायचा आणि त्या घराने भांडं रिकामं परत करायचं नाही, एवढी रीत सगळ्यांना चोख ठाऊक होती.

शेजारच्या सिग्नेने आईच्या निळ्या फुलांच्या थाळीत बटाटे आणि मासे भाजून नेले. थाळी ठेवायला स्वयंपाकघरात गेली, तर खिडकीत एक वाडगा. त्यात माशा मारायचे विषारी कागद भिजत घातलेले. बाहेर गुडघाभर बर्फ, माशी म्हणाल तर औषधालासुद्धा नाही.

"हे कशाला हो, तेक्लाबाई?" तिच्या तोंडून निघून गेलं.

"तोंडाला लावते गं ते पाणी. कांती उजळते." तेक्लाने वाडग्यावर फडकं टाकलं आणि तिच्याकडे जरा जास्तच वेळ पाहिलं. "तुझं लक्ष मात्र चौफेर असतं हं."

शेवटी शेवटी तेक्लाचा नवरा सारखा पाणी पाणी करत होता, असं बाहेर बायका बोलत होत्या. सिग्ने तिथे कॉफीलासुद्धा थांबली नाही.

घरी येऊन तिने नवऱ्याला सगळं सांगितलं. अल्बिन खो खो हसला.

"शेरीफला काय सांगू? बाई तोंड धुते म्हणून? अगं, तुझी कॉफी पिऊन मी इतकी वर्षं जगलो, आधी त्याची चौकशी होऊ दे!"

"मेल्या, थट्टा पुरे. तिच्या हातचं काही खायचं नाही. शपथ घे."

"बरं बाई, घेतली."

पुढच्याच आठवड्यात, दुपारच्या कॉफीच्या वेळी, तेक्ला स्वतः दारात उभी. हातात तीच निळी थाळी आणि थाळीत सफरचंदाचा केक. अल्बिन गोठ्यातून येऊन बादलीपाशी पाणी पीत होता.

"खा की, ताजा आहे तोवर," तेक्लाने तुकडे कापले. "तुम्ही घ्या, मला नको बाई, दाढ ठणकतेय."

"मलाही आत्ता नको," अल्बिन म्हणाला. "पोट जड आहे जरा."

ऐकलं गं बाई एकदाचं, म्हणून सिग्नेचा जीव भांड्यात पडला. पण तेक्ला हलेना. घरी आणलेलं नाकारायचं म्हणजे त्या वस्तीत थोबाडीत मारल्यासारखंच. तिने एक तुकडा उचलून सिग्नेच्या थेट तोंडाशी धरला. सिग्ने गर्रकन वळली आणि कोपराने थाळी खाली ढकलली. आईची थाळी, खळ्ळकन फुटली.

कुत्रा धावला. तेक्लाने त्याला लाथेने हाकललं, एकेक कण वेचून पदरी, म्हणजे तिच्या त्या काळ्या एप्रनमध्ये, बांधला आणि साबण लावून दोनदा हात धुतले.

"भांड्याचं काय एवढं," ती शांतपणे म्हणाली. "येते हं. अल्बिन, जप स्वतःला."

दार लागलं तशी सिग्ने ओरडली, "पाहिलंस? कुत्र्यालासुद्धा खाऊ दिलं नाही तिने! आता तरी पटलं?"

अल्बिन हसला नाही. तो पुन्हा बादलीपाशी गेला होता.

"सकाळी रस्त्यात भेटली होती," तो खाली बघत म्हणाला. "चव बघ म्हणून केकचा तुकडा हातावर ठेवला. नवरा गेलेली बाई, तिला नाही कसं म्हणायचं गं?"

सिग्ने शालसुद्धा न घेता घोडा जुंपायला बर्फात धावली. डॉक्टर पार गावाच्या टोकाला राहायचा. मागून अल्बिनने हाक मारली.

"सिग्ने, आधी थोडं पाणी दे गं."