आनंदाबाईंचं स्वतःचं मत

काचबिंदूनं माझ्या सासूबाईंचे, आनंदाबाईंचे डोळे गेले, तेव्हापासून त्यांचं मत माझे यजमान रूपराव टाकतात. दृष्टी नसलेल्या मतदाराला सोबती नेता येतो आणि त्या सोबत्याच्या उजव्या हाताच्या बोटाला शाई लागते. मग रूपराव दोन्ही हातांची शाईची बोटं गावभर मिरवणार. त्या बोटांचा मला भारी राग यायचा.

आमचं गाव रोहण्याजवळ. यंदा विधानसभेला केंद्रावर रूपराव आधी मत देऊन आले. रांगेत सासूबाईंनी मला जवळ ओढलं.

"मंजुषा, भिंतीवरची उमेदवारांची नावं वाच. वरून खाली. सावकाश."

मी वाचत गेले. एकेका नावाला त्यांचा अंगठा बोटाच्या एकेका पेरावर सरकत होता. एका पेरावर तो थांबला, तो तिथंच राहिला. ते कोणाच्या नावाचं पेर, हे मी विचारलं नाही.

"आज मी एकटीच जाईन," त्या म्हणाल्या.

मला धाकधूक लागली. आत चाचपडल्या, तर गाव हसणार आणि रूपराव पुन्हा कधी त्यांना यंत्राजवळ एकटं जाऊ देणार नाहीत.

आत अधिकाऱ्यानं त्यांच्या डोक्यावरून रूपरावांनाच विचारलं, "आजींना दिसत नाही ना? सोबती तुम्हीच?" रूपरावांचा उजवा हात पुढे झालेलाच होता.

"मले विचारा ना साहेब," सासूबाई म्हणाल्या. "मत माहं हाये. मले सोबती नाई पायजे."

"माय, काऊन तमाशा करून राह्यली? लोक खोळंबले," रूपराव म्हणाले.

अधिकारी जरा वरमला. "आजींना नको असेल तर नको. तुम्ही बाहेर थांबा," तो रूपरावांना म्हणाला. मग त्यानं सासूबाईंना हाताला धरून पुठ्ठ्याच्या आडोशापर्यंत नेलं, "बटणं वरून खाली ओळीनं आहेत" एवढं सांगितलं आणि मागे फिरला.

बराच वेळ काही ऐकू येईना. "बुढी अटकली वाटते," रांगेत कोणीतरी म्हणालं. आणि मग यंत्राची ती लांबलचक शिट्टी वाजली. मला रडूच आलं.

घरी जाताना रूपराव धुसफुसत होते.

"कोन्तं दाबलं?"

"ते सांगत नसतेत."

"अन् चुकलं असन तं?"

सासूबाई रस्त्यातच थांबल्या.

"सांजची बस बंद झाली, तवा मी आमदाराले नावं ठेवून राह्यली होती. तू म्हने, चूप बैस माय, तुह्याच मतानं आला तो. अन् मी चूप बसली. जे मी केलंच नाई, त्याच्यापायी चूप बसली रे बापू." त्यांनी माझा हात चाचपून धरला. "आता चुकलं असन, तं माह्या हातानं चुकलं. आता मी पोटभर बोलीन."