निळा पट्टा

शर्ट उलटा करून तिने डागावर पुन्हा साबण घासला. डाग निळा होता, तळहाताएवढा, आणि नेमका पाठीवर, दोन्ही खांद्यांच्या मधोमध. माणसाचा स्वतःचा हात जिथे पोचत नाही तिथे.

रंग जंगलातला होता, यात शंका नव्हती. नवरा जंगलखात्यात होता आणि हल्ली रोज सकाळी रंगाचा डबा घेऊन गावामागच्या टेकडीवर जात होता. एकटा नाही. कोणती झाडं ठेवायची ते ठरवायला खात्याने शहरातून एक बाई पाठवली होती. बाई हुशार होती, कष्टाळू होती, आणि चारचौघांत अदबीने वागायची. नावं ठेवायला कुठे जागा सापडेना, म्हणून हिने मनातल्या मनात तिचं एक नाव ठेवून टाकलं होतं. पट्टेवाली.

पट्टेवालीची पद्धत नवऱ्याने एकदा जेवता जेवता समजावून सांगितली होती. आजवर टेकडीची एकेक बाजू घ्यायची, यंत्राने सपाट करायची आणि मग रोपं लावायची, असं चालायचं. आता एकेक झाड पारखून काढायचं. सरळ, दणकट झाडं बियांसाठी राखायची आणि त्यांच्या बुंध्यावर निळा पट्टा मारायचा, म्हणजे यंत्र चालवणाऱ्याला लांबून कळेल की याला हात लावायचा नाही. वाकडी, किडकी आधी जातील. टेबलावर चमच्यांचं जंगल उभं करायच्या नादात त्याने पेलाभर पाणी सांडलं. इतकं भरभरून तो आपल्याशी शेवटचं कधी बोलला होता, हे ती फडक्याने टेबल पुसताना आठवत राहिली.

गावाला मात्र चमचे कुणी दाखवले नव्हते. बुंध्यावर खूण म्हणजे झाड गेलं, एवढंच गाव पिढ्यान्‌पिढ्या ओळखून होतं. सपाट तोड टेकडीच्या पलीकडच्या अंगाला व्हायची, कुणाला दिसायची नाही, म्हणून कुणाला खुपायचीही नाही. हे पट्टे थेट फिरायच्या वाटेवर आले होते, आणि तेही सगळ्यात देखण्या झाडांवर. गावाचं पित्त खवळलं.

बालवाडीच्या फाटकाशी शेजारणीने तिला गाठलं. निळी सगळी जाणार म्हणे? खरं उत्तर तिच्या ओठावर होतं. पण त्याच सकाळी मुलगी ‘निळा घोडा, निळा घोडा’ करत उठली होती. कुणी दिला, कुठे आहे, असं खोदून विचारलं तर पोरीने ओठांवर बोट ठेवलं, अगदी बापासारखं हसली आणि पांघरुणात शिरली. म्हणजे आता पट्टेवालीकडून खेळणीही येऊ लागली होती. आईपासून लपवायची खेळणी.

“मला काय विचारता ताई,” ती म्हणाली, “त्या बाईला विचारा. चांगल्या चांगल्या झाडांवरच डोळा आहे तिचा.”

शेजारणीला हवं ते मिळालं. दुपारपर्यंत ते बेकरीत पोचलं होतं.

मग एक दिवस ती स्वतःच ओढ्यापर्यंत जाऊन आली. तिथे एक झाड होतं, जमिनीलगत वाकून पुन्हा वर गेलेलं, लाकूड म्हणून कवडीमोल. नवऱ्याच्याच हिशेबाने ते सगळ्यात आधी जायला हवं होतं. त्याच्यावर निळा पट्टा होता, तोही थोडा फिसकटलेला. वाकलेलं खोड बसून बसून गुळगुळीत झालं होतं. दोघं आरामात मावतील एवढं. तिच्या मनात पाल चुकचुकली, आणि मग ती चुकचुकतच राहिली.

रविवारी सकाळी शाळेच्या सभागृहात सभा भरली. नवी पद्धत हवी की नको, ते गावाने हात वर करून ठरवायचं होतं. पट्टेवाली बोलायला उभी राहिली, निळी झाडं राहणार आहेत, असं तिने सांगितलं, आणि मागून हशा उठला. नवरा मुलीला मांडीवर घेऊन पहिल्या रांगेत होता. तो उठून तेच म्हणाला. तेव्हा शेजारीण उभी राहिली.

“तुम्ही सांगाल हो काहीही. तुमच्या घरातूनच कळलंय आम्हाला. बायकोनंच सांगितलं.”

नवऱ्याने वळून पाहिलं. रागाने नाही. चुलीवर काहीतरी विसरल्यासारखं, आठवू पाहत. ती नजर तिला सोसवेना. ती उठली, पण तोंडातून निघालं ते भलतंच.

“मग ओढ्याजवळचं वाकडं झाड? ते कशासाठी राखलंय?”

पट्टेवाली क्षणभर गोंधळली, मग हसली.

“ते माझं नाही हो. मी तीनदा म्हटलं, काढू या. यांनी माझ्या हातून कुंचला घेऊन स्वतः पट्टा मारला. मी पुसायला गेले, तर ओल्या रंगाला पाठ टेकून उभे राहिले. म्हणाले, हा आमच्या मुलीचा घोडा आहे. आणि तिच्या आईला सांगू नका, पडेल म्हणून घाबरते ती.”

सभागृह खदखदून हसलं. मुलगी बापाच्या मांडीवर उभी राहिली आणि आपलंच कौतुक चाललंय असं समजून टाळ्या वाजवू लागली. नवरा खाली बघत होता, त्याचे कान लाल झाले होते.

“निळी राहणार आहेत,” ती म्हणाली. मग मोठ्याने, “निळी झाडं राहणार आहेत. मला माहीत आहे.”

शेजारणीने तिचा हात धरून तिला हळूच खाली बसवलं.

“बस गं. नवरा समोर बसलाय, तू तरी दुसरं काय बोलणार.”

त्या आवाजात खरोखरची माया होती.

हेडमास्तरांनी हात मोजले. मोजायची गरज नव्हती. नवी पद्धत नको ठरली, आणि जंगल वाचलं म्हणून लोकांनी टाळ्या वाजवल्या. जुनी सपाट तोडच चालू राहणार होती. या खेपेला पाळी ओढ्याकडच्या अंगाची होती.

पट्टेवालीने कागद गोळा केले. उद्याच्या गाडीने निघते, असं ती नवऱ्याला म्हणाली आणि जाता जाता मुलीच्या गालाला हात लावून गेली.

घरी येताना मुलगी बापाच्या खांद्यावर होती. कोपऱ्यावर वळल्यावर तो म्हणाला, “मला विचारायचंस.”

शर्ट दोरीवर वाळला होता. तिने तो काढला, झटकला आणि पाठ उन्हाकडे धरली. मग उलटा करून पाहिला. शिवण खांद्यापासून खांद्यापर्यंत चाचपली, खिडकीशी नेला, डोळ्यांजवळ आणला. चार वेळा साबण लावला होता तिने. कापड स्वच्छ होतं. डागाचा कुठे मागमूसही उरला नव्हता.

अंगणातून मुलगी विचारत होती, घोड्याकडे कधी जायचं.