कोळशाच्या गावाला गेलेला कॅमेरा

मित्रांनो, मी एक जुना चावीचा कॅमेरा आहे. माझे मुक्काम पोस्ट म्हणजे स्पेनमधल्या माद्रिद शहरातील एका संग्रहालयातील काचेची पेटी.

माझे मालक लेआंद्रो हे चित्रपट स्वतः लिहीत आणि स्वतःच दिग्दर्शित करत. नदीवरच्या धोबिणींचा त्यांचा पहिला चित्रपट आम्ही दोघांनी मिळून केला. त्याचे खूप कौतुक झाले. मग त्यांनी अस्तुरियास प्रांतातल्या, आपल्या वडिलांच्या गावच्या, कोळसा खाणकामगारांवर कथा लिहिली. तेव्हा देशात हुकूमशाही होती; सरकारी तपासनिसाने ती लाल रेघांनी भरून परत पाठवली.

निर्माते फुल्हेन्सिओ म्हणाले, "कोळसा कशाला उकरतोस बाबा? गाणी घाल, एखादा देखणा बैलझुंज्या घाल. लोक हसत घरी जातील."

तेव्हापासून आम्ही गाण्यांचेच चित्रपट केले. माझ्या भिंगासमोर नाचणाऱ्या बायकांचे तेच हातपंखे, तेच झगे. दारूच्या गुत्त्यात लोक लेआंद्रोंची पाठ थोपटत आणि ते मान खाली घालत. त्यांची बायको कासिल्दा चित्रपटांचे संकलन करत असे. एकदा कात्री खाली ठेवून ती म्हणाली, "लेआंद्रो, तुझा एकही चित्रपट मला आता आठवत नाही रे. सगळे एकच वाटतात."

त्याच आठवड्यात ते मला घोंगडीत गुंडाळून खाणीच्या गावी घेऊन गेले. खाणीच्या लोखंडी पाळण्यातून आम्ही कामगारांबरोबर खाली उतरलो. त्या काळोखात दिव्यांच्या उजेडात मी माणसांचे चेहरे टिपले. इतका आनंद मला कधीच झाला नव्हता. परतीच्या वाटेवर शिपायांनी आम्हाला अडवले. फिल्म उन्हात उलगडून निकामी केली आणि मला जप्त केले.

"माफीनामा द्या, कॅमेरा न्या, हवी तेवढी गाणी करा," चौकीतले साहेब म्हणाले.

"चूक झाली असती तर दिला असता," लेआंद्रो म्हणाले.

त्यानंतर त्यांना कुणी चित्रपट दिला नाही. मी चौकीच्या कपाटात कोंडला गेलो. तिथे ना उजेड, ना हात. माझ्या स्प्रिंगला गंज चढला.

ती राजवट संपल्यावर कासिल्दाने हेलपाटे घालून मला सोडवून आणले. लेआंद्रो आता म्हातारे झाले होते. तरी त्यांनी मला चावी दिली आणि बटाटे सोलणाऱ्या कासिल्दाकडे माझे तोंड वळवले.

"आत फिल्म नाहीये, वेड्या!"

"माहितीये गं. हलू नकोस."

मी घरघरलो, अडखळलो, पण चाललो.

आता ते दोघेही नाहीत. मित्रांनो, तुम्ही माझी काच रोज पुसता, तुमचे उपकार आहेत. पण खरोखर जपायचे असेल, तर एकदा हे कुलूप काढा, माझ्यात फिल्म भरा आणि मला माणसांत न्या.