श्रद्धांजलीचं पान

महाविद्यालयाच्या शताब्दीची स्मरणिका निघणार होती. माजी विद्यार्थ्यांची माहिती जमवायचं काम वनस्पतिशास्त्राच्या निवृत्त बाईंनी हौसेनं अंगावर घेतलं. त्याही तिथेच शिकलेल्या. स्वतःच्या वर्गाची नावं काढताना त्यांना चिमणी आठवली. अंगानं एवढीशी, म्हणून सगळे तिला चिमणीच म्हणायचे. वसतिगृहात दोघी एकाच खोलीत राहायच्या.

तिचा पत्ता मिळेना, म्हणून बाईंनी तिच्या थोरल्या भावाला फोन लावला. "आमच्या लेखी ती कधीच गेली," एवढंच म्हणून त्यानं फोन ठेवला. कधी, कशानं, हे बाईंनी पुन्हा फोन करून विचारायला हवं होतं. पण पानं छपाईला जायची घाई होती. त्यांनी श्रद्धांजलीचा मजकूर एका बैठकीत लिहून टाकला, आणि तो झालाही झकास. 'वसतिगृहात एकाच खोलीत राहिलेली माझी जिवलग मैत्रीण', 'अखेरपर्यंत आमचा स्नेह अबाधित होता', असं बरंच काही. वाचून स्मरणिका समितीच्या अध्यक्षांचे डोळे पाणावले होते.

प्रकाशनाचा समारंभ आटोपला आणि पांढऱ्या केसांची एक ठेंगणी बाई टेबलाशी येऊन उभी राहिली. हातातली स्मरणिका त्याच पानावर उघडी होती.

"ओळखलंस का?"

बाई तोंडाला येईल ते बोलत सुटल्या: छापखान्यात काहीतरी घोटाळा झाला, पानं इकडची तिकडे झाली. चिमणीनं सगळं ऐकून घेतलं.

"आपण एका खोलीत राहायचो, हे छापखान्याला कुणी सांगितलं?"

मग बाईंना भावाचं बोलणं सांगावंच लागलं. चिमणीनं घरच्यांच्या मनाविरुद्ध लग्न केलं, तेव्हापासून भावानं तिचं नाव टाकलं होतं. ती राहायची मात्र याच शहरात, बाईंच्या घरापासून चालत जाण्याइतक्या अंतरावर. नवरा अंथरुणाला खिळला तेव्हा तिनं बाईंना पत्र लिहिलं होतं. बाईंना ते बऱ्याच वर्षांपूर्वीचं पत्र आता आठवलं. परीक्षा संपल्या की निवांत उत्तर लिहू, असं म्हणून त्यांनी ते बाजूला ठेवलं होतं. ते राहूनच गेलं.

"मेल्याचं राहू दे एक वेळ," चिमणी हळूच म्हणाली, "पण 'जिवलग' तेवढं काढ."

समितीच्या बैठकीत अध्यक्षांनी 'अनवधानाने झालेली चूक' अशी एक ओळ सुचवली. बाई अडून बसल्या. चौकशी न करता आपण लिहिलं, आणि स्नेह आपल्याकडूनच तुटला होता, हे दोन्ही छापा म्हणाल्या. एवढी शोभा करून घ्यायची काय गरज आहे, असं कोणीतरी पुटपुटलं. शेवटी बाईंच्याच शब्दांत दुरुस्तीची पट्टी छापली गेली, आणि उरलेल्या सगळ्या प्रतींवर ती त्यांनी स्वतः बसून चिकटवली. पुन्हा पुन्हा ते पान समोर यायचं आणि दरवेळी कानशिलं तापायची.

त्यातली एक प्रत घेऊन त्या चिमणीकडे गेल्या. चिमणीनं दारातच उभं राहून पट्टी वाचली आणि मान हलवली. बाईंनी तिच्या नवऱ्याची तब्येत विचारली.

"अगं, तो तेव्हाच गेला. त्या पत्रानंतर लगेच."

बाईंची मान खाली गेली. चिमणीनं जरा वाट पाहिली, मग दार पूर्ण उघडलं.

"उभी किती वेळ राहणार आहेस?"

बाई आत गेल्या आणि खुर्चीच्या कडेवर कशाबशा टेकल्या.