सासऱ्यांनी लावलेल्या चपला

बाळासाहेब पुण्याहून परदेशात, अप्पर हट गावी मुलाकडे राहायला आले आणि नीताच्या डोक्याला नसता ताप झाला. कुणीही आलं की हे दाराशी वाकणार आणि त्याच्या चपला, बूट, तिकडच्या रबरी जँडल्स, जे असेल ते टोकं दाराकडे करून नीट लावणार, म्हणजे जाताना नुसते पाय सरकवायचे. वडीलधाऱ्या माणसाने आपल्या बुटांना हात लावला की पाहुणे कसनुसे व्हायचे. शेवटी नीता बोललीच, "बाबा, नका हो लोकांच्या चपलांना हात लावू. मला मेल्याहून मेल्यासारखं होतं." त्यानंतर म्हाताऱ्याने त्या कोपऱ्याकडे बघणंच सोडलं.

त्याच सुमारास जवळ कुठल्याशा अंतराळपटाचं शूटिंग होतं आणि गर्दीत उभी करायला म्हातारी माणसं हवी होती. बाळासाहेब घरात बसून कंटाळलेले, गेले. संध्याकाळी खुशीत परतले, काहीतरी सांगायला लागले. नीताला कुकर लावायचा होता, ती म्हणाली, नंतर सांगा. ते नंतर काही आलं नाही. बाळासाहेब पुण्याला परत गेले आणि तिथेच वारले. सिनेमा इथे साफ पडला होता, नीताने तो बघितलाही नव्हता.

आणि आता तिच्या सोफ्यावर जपानहून आलेली मंडळी बसली होती. त्यातल्या ओसाकाच्या बाईंनी मोडक्या इंग्रजीत सारं सांगितलं. तिकडे त्या सिनेमाचे पुढचे भागही तुडुंब चालतात, आणि ते एका मुखवट्यातल्या म्हाताऱ्यामुळे. फिल्मवाल्यांकडून त्याचं नाव-पत्ता मिळवून ते इथवर आले होते. बाईंनी फोन पुढे केला. परग्रहावरचे निर्वासित पादत्राणं काढून यानात धावत शिरतात. एक म्हातारा मागे राहतो, गुडघ्यावर हात टेकून वाकतो आणि सगळ्यांची पादत्राणं टोकं बाहेर करून लावतो. कुणी सांगितलं नव्हतं म्हणे त्याला. आमच्याकडे घरोघरी हे करतात, बाई म्हणाल्या, थिएटरात लोक रडले.

मुखवट्यामागचा चेहरा दिसत नव्हता. ते वाकणं मात्र नीताने लगेच ओळखलं.

"घरीही असंच करायचे का ते?" बाईंनी विचारलं.

"हो," नीता म्हणाली, "रोज."

"नशीबवान आहात तुम्ही."

मंडळी निघाली तशी नीता लगबगीने पुढे झाली आणि त्यांचे बूट लावायला दाराशी वाकली. पण ते आत येतानाच त्यांनी दाराकडे टोकं करून ठेवले होते. वेड्यावाकड्या पडल्या होत्या त्या फक्त घरच्यांच्या चपला.