एकच किल्ली

रघुपतीअण्णांनी कोर्टात दिलेल्या लेखी उत्तरातलं एक वाक्य रूपश्रीला तोंडपाठ होतं : ‘सुरक्षेसाठी गेटला किल्ली एकच असावी आणि ती जबाबदार माणसाकडे असावी.’ लेकीला भरवताना, न्हाऊ घालताना ते मनात घोळायचं, दाताखाली खडा यावा तसं.

अण्णा तिचे चुलतदीर. के. आर. पुरममध्ये दोन्ही घरांचा बोळ एकच. बोळाच्या तोंडाशी अण्णांनी वडिलांच्या नावाचं लोखंडी गेट बसवलं. दुपारी कुलूप, किल्ली उशाशी. अशाच एका दुपारी, तापाने झटके येणारी लेक खांद्यावर टाकून रूपश्री अठरा मिनिटं अण्णांचं दार बडवत होती. गेटबाहेर रिक्षा उभी. अण्णा डोळे चोळत आले नि म्हणाले, “एवढा काय गोंधळ?”

लेक वाचली. अण्णांचं ‘एवढा काय गोंधळ?’ मात्र रूपश्रीच्या घशाखाली उतरलं नाही. गेट काढा म्हणून तिच्या नवऱ्याने, पवनकुमारने, दावा लावला. दोन वर्षांनी दावा मध्यस्थीला गेला.

मध्यस्थ हेमावती आधी दोन्ही बाजूंशी वेगवेगळं बोलल्या. “तुम्ही म्हणाल तेवढंच पलीकडे जाईल. स्वल्प, थोडं मोकळं बोला. काय हवंय?”

“त्यांनी माझ्या दारात उभं राहावं,” रूपश्री म्हणाली. “रोज.”

हेमावतींचं पेन थांबलं. “हे कसं लिहू?”

“लिहू नका. एवढंच सांगा, गेट राहू दे. कुलूप दिवसरात्र राहू दे. किल्ली एकच, आमच्याकडे. घरात लहान मूल आहे. कधीही मागितली तरी द्यायची, हे आमच्यावर बंधन.”

“म्हणजे घरात सतत कुणीतरी हवं.”

“मी जाते कुठे?”

पवनकुमार तिच्याकडे बघतच राहिला.

पलीकडच्या खोलीत अण्णांनी ‘गेट राहील’ ऐकलं आणि खुशीत सही ठोकली. किल्लीबद्दल बोलायला तोंड कुठे होतं? ‘किल्ली एकच असावी’ हे वाक्य त्यांचंच! बाहेर येऊन ते हसले, “दोन वर्षं भांडलीस, पण गेट माझंच राहिलं की गं रूपा!”

“हो अण्णा. तुमचंच.”

सोमवारी सकाळी सातला बेल वाजली. “किल्ली दे.” मागे बोळात अण्णांची गाडी सुरूच होती.

“देते हं. बाळाचं तोंड पुसते.”

किती वेळात द्यायची, हे करारात कुठेच नव्हतं. तिने तोंड पुसलं, वाटी विसळली, घड्याळ बघितलं. अण्णांनी तीनदा बेल मारली, हॉर्न वाजवला. सात अठराला तिने दार उघडलं.

“एवढा काय गोंधळ, अण्णा?”

त्यांचा चेहरा पडला. तिला दोन वर्षांत पहिल्यांदा जेवण गोड लागलं.

दीड महिना झाला. देवनहळ्ळीला तिच्या आईच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं, पट्टीही निघाली. रूपश्रीला जाता आलं नाही. कमरेच्या किल्लीशी लेक खेळत होती.

“देऊन टाक ना ती,” पवनकुमार म्हणाला. “तुझ्या आई रोज विचारतात, कधी येतेस म्हणून.”

“देईन. ‘चुकलं’ म्हणू दे त्यांना आधी.”

बेल वाजली. तिने घड्याळाकडे बघितलं आणि लेकीचे केस विंचरायला घेतले.