जोतीरामदादाचा धंदा

पासष्ट सालच्या त्या सकाळी सांगलीच्या कोर्टाच्या व्हरांड्यात मी तीनदा चहा प्यायलो आणि एकदाही चव कळली नाही. बाकावर माझा थोरला भाऊ जोतीराम बसला होता, सदऱ्याची उजवी बाही रिकामी. दुसऱ्या टोकाला, आमच्याकडे पाठ करून, आमच्या गावचे भाऊसो पाटील. त्यांना साक्षीला मीच आणलं होतं, आणि का आणलं हे दादाला अजून ठाऊक नव्हतं.

दादा हळदीच्या पेठेत हमाल. पोतं घेऊन रस्ता ओलांडताना ट्रकखाली हात गेला, मिरजेच्या दवाखान्यात तो खांद्यापासून काढावा लागला. भरपाईचा दावा लावायला गेलो तर वकिलांनी पहिलाच प्रश्न केला, कमाईचा पुरावा काय? हमालाकडे कसला कागद? व्यापारी चिठ्ठी देईना, बाकीच्या हमालांनाही त्याने दम भरलेला. मग वकिलांनीच वाट काढली. अर्जात धंदा लिहायचा येसकरकी, म्हणजे गावाची चाकरी. घरोघरचं बलुतं, वर्षाला इतकी पोती जोंधळा, आणि वर पाटलांची साक्ष.

आता खरं सांगतो. आम्ही बौद्ध झालो त्याच वर्षी दादाने येसकराची काठी चुलीत घातली आणि सांगली गाठली. मेलेली ढोरं ओढायची नाहीत, दारोदार भाकरी मागायची नाही, म्हणून तर त्याने पोती उचलली. मी सातवी पास, टपालखात्यात शिपाई. मला हे सगळं कळत होतं. तरी अर्ज तसाच लिहू दिला आणि दवाखान्यातच दादाच्या डाव्या अंगठ्याचा ठसा घेतला. वाचून दाखवला नाही. तीन पोरं आणि एक हात, मला दुसरं काही सुचत नव्हतं. पाटील मात्र हसत तयार झाले. जोत्या कुठंही गेला तरी आमचाच येसकर, म्हणाले.

पुकारा व्हायच्या आधी वकिलांनी दादाला अर्ज वाचून दाखवला. हो म्हणालास तर चार हजारांची आशा, नाही म्हणालास तर हजारही कठीण, असं बजावलं. दादाने माझ्याकडे पाहिलं. मी बुटाकडे पाहत राहिलो. त्याने शिवी हासडली असती तर बरं वाटलं असतं.

पुकारा झाला. मी आत गेलो, बाहेर आलो, पुन्हा आत गेलो. पायच ठरेनात. न्यायाधीशांनी अर्जातला धंदा खरा का, असं विचारलं. मनात म्हटलं, हो म्हण की बाबा एकदा.

"येसकरकी लिवलीय, ती खोटी हाय," दादा म्हणाला. "ती मी कवाच सोडली. मी हमाल हाय, साहेब."

ट्रकच्या विमा कंपनीचा वकील लगेच उठला. अर्जच खोटा ठरला म्हणाला, हमालीला तरी पुरावा काय म्हणाला. दादा डाव्या हाताने सदऱ्याच्या गुंड्या सोडू लागला. एकेका गुंडीला इतका वेळ लागत होता की माझेच हात शिवशिवत होते. सदरा उतरवून त्याने न्यायाधीशांकडे पाठ केली. मानेखाली, पोतं टेकतं तिथे, मूठभर काळा घट्टा होता. न्यायाधीश खुर्चीतून अर्धे उठले, त्यांनी नीट पाहिलं आणि लेखनिकाला ते लिहून घ्यायला सांगितलं.

निकाल तीन महिन्यांनी लागला. अठराशे रुपये. पण मला सांगायचंय ते त्या दिवसाचंच.

आमचे वकील कपाळाला हात लावून बाहेर आले. पाटलांना जायला सांग म्हणाले. जन्मात मी पाटलांना नको म्हटलं नव्हतं. दोनदा बाकापर्यंत जाऊन परत फिरलो. मग गेलो.

"पाटील, तुमची साक्ष नगं आता."

"मग माझ्या यष्टीचं भाडं कोन देनार?"

गावात आमच्या हातचे पैसे पाटील कट्ट्यावर ठेवायला लावत, वर पाणी शिंपडत आणि मगच उचलत. आता त्यांनी बाकावरच्या रिकाम्या जागेकडे बोट दाखवलं. मी तीन रुपये काढले आणि त्यांच्या तळहातावर ठेवले, बोटं टेकवून. व्हरांडा माणसांनी भरलेला होता. पाटलांनी चहूकडे पाहिलं आणि मूठ मिटली.